पाऊस नावाचं चलन

आफ्रिकेच्या दक्षिणेला बोट्स्वाना नावाचा देश आहे. त्याच्या चलनाचं नाव 'पुला'. तिथल्या सेत्स्वाना भाषेत पुला म्हणजे पाऊस. १९७६ साली या देशाने दक्षिण आफ्रिकेचा रँड सोडून स्वतःचं चलन काढलं, तेव्हा हे नाव ठेवलं. सभेतलं भाषण संपलं की वक्ता 'पुला!' म्हणतो आणि समोरची माणसंही 'पुला!' म्हणून ओरडतात, आपल्याकडे शेवटी 'जय महाराष्ट्र' म्हणतात तसं. देशाचा बहुतेक भाग कालाहारीच्या वाळवंटाखाली. पाऊस आणि पैसा यांना एकच शब्द का, हे तिथे कुणाला समजावून सांगावं लागत नाही. मराठवाड्यातल्या माणसालाही लागू नये.

मी मूळचा बीड जिल्ह्यातला. सिव्हिल इंजिनियर झालो, काही वर्षं सरकारी नोकरी केली आणि १९८४ साली बोट्स्वानात रस्त्यांच्या कामावर कंत्राटी नोकरी मिळाली म्हणून गेलो. सहा वर्षं राहून मग इकडे कॅनडात आलो. मंडळाच्या कार्यक्रमात कुणी विचारलं आणि मी 'आफ्रिकेत होतो' म्हटलं, की पुढचं वाक्य ठरलेलं असतं: "बापरे! तिकडे म्हणे..." आणि मग दुष्काळ, बंड, लाचखाऊ हुकूमशहा. यात सगळं खोटं असतं असं नाही. १९७२ साली इदी अमीनने युगांडातून आशियाई लोकांना हाकललं, त्यात सर्वस्व गमावलेली गुजराती कुटुंबं इथे टोरांटोत आहेत. त्यांच्या तोंडून ऐकलेलं विसरता येत नाही. पण आफ्रिकन युनियनचे सदस्य देश आहेत ५५. पंचावन्न देश एकाच पोत्यात भरून वर गाठ मारायची, ही सवय मला पटत नाही. म्हणून संपादकांनी 'आफ्रिकेच्या विकासावर लिहा' असं सुचवलं, तेव्हा मी म्हटलं, खंडावर नको, एका देशावर लिहितो. ज्या देशाच्या मातीत माझे बूट मळले आहेत, त्याच्यावर.

३० सप्टेंबर १९६६ रोजी ब्रिटिश तिथून गेले. त्यांनी मागे काय ठेवलं? अख्ख्या देशात १२ किलोमीटर पक्का रस्ता. देश आकाराने फ्रान्सएवढा! रस्त्यावर काम केलेल्या माणसाच्या डोक्यातून हा आकडा जात नाही. विद्यापीठाची पदवी असलेले देशी लोक २२. राजधानी तर देशातच नव्हती. कारभार चालायचा शेजारच्या दक्षिण आफ्रिकेतल्या माफेकिंग गावातून. स्वातंत्र्य जवळ आलं तेव्हा घाईघाईने गाबोरोनी हे नवं शहर बांधायला घेतलं. त्यात सलग काही वर्षं दुष्काळ पडून गुरं मेलेली, आणि गुरं हीच काय ती संपत्ती. लोबात्से गावातला कत्तलखाना हा देशातला एकमेव मोठा उद्योग. सरकारच्या रोजच्या खर्चाचा मोठा भाग सुरुवातीची काही वर्षं ब्रिटनच्या मदतीतून भागायचा. जगातल्या अगदी गरीब देशांत त्याची गणना होती आणि हा देश फार काळ टिकेल असं कुणाला वाटत नव्हतं.

पहिले अध्यक्ष सेरेत्से खामा. बामांग्वातो या मोठ्या जमातीच्या गादीचे वारस. लंडनला शिकायला गेले आणि १९४८ साली रूथ विल्यम्स या इंग्रज मुलीशी लग्न केलं. दक्षिण आफ्रिकेतल्या वर्णद्वेषी सरकारचं पित्त खवळलं, आणि त्यांना दुखवायला नको म्हणून ब्रिटिशांनी सेरेत्सेंना त्यांच्याच देशात यायला बंदी केली. १९५६ साली गादीवरचा हक्क सोडून साधा नागरिक म्हणून ते परत येऊ शकले. ही गोष्ट सिनेमासारखी आहे (पुढे सिनेमा निघालाही), पण मला त्यातला दुसराच भाग महत्त्वाचा वाटतो. हे लग्न मान्य करायचं की नाही, हे जमातीने सेरोवे गावच्या 'खोत्ला'त ठरवलं. खोत्ला म्हणजे गावाची उघडी सभा. आपल्याकडे पार असतो तशी जागा, अर्धवर्तुळाकार कुंपण, मधे मुख्याचं आसन. आधीच्या दोन सभांनी लग्नाला नकार दिला. १९४९ सालच्या तिसऱ्या सभेने होकार दिला, चुलत्यांचा विरोध असूनसुद्धा. राजा लोकांमुळे राजा असतो, अशा अर्थाची त्यांची म्हणच आहे. म्हण काय, कुठेही असते म्हणा. आपल्याकडेही 'पंचमुखी परमेश्वर' आहेच. पण ती वापरात असणं वेगळं.

आता हिऱ्यांकडे येतो.

१९६७ साली ओरापा येथे हिऱ्यांची प्रचंड खाण सापडली. जागा बामांग्वातोंच्या, म्हणजे खुद्द सेरेत्सेंच्या जमातीच्या मुलखात. जुन्या रिवाजाप्रमाणे जमिनीखालचं धन जमातीचं. त्याच वर्षी संसदेने कायदा करून सगळ्या खनिजांचे हक्क जमातींकडून काढून देशाच्या नावावर केले. असं करायचं हे सेरेत्सेंच्या पक्षाने १९६५ च्या निवडणुकीआधीच, म्हणजे ओरापाचा हिरा दिसायच्याही आधी ठरवलं होतं. माझ्या मते त्या देशाच्या इतिहासातली सगळ्यात मोठी गोष्ट ही. घरात पैसा येण्याआधी वाटणीचा कागद करणं सोपं असतं, आल्यावर भाऊ भावाला ओळखत नाही. पुढे ज्वानेंगची खाण सापडली. किमतीच्या हिशेबाने ती जगातली सर्वांत श्रीमंत हिऱ्याची खाण समजली जाते. ती निघाली दुसऱ्याच जमातीच्या मुलखात. कायदा नसता तर दोन जमाती गडगंज, बाकीच्या उपाशी, आणि मग बंदुका यायला किती वेळ?

डी बिअर्स कंपनीशी पहिला करार झाला त्यात सरकारचा वाटा १५ टक्के होता. खाणीत किती माल आहे याचा अंदाज आल्यावर सरकार पुन्हा वाटाघाटीला बसलं आणि १९७५ साली वाटा निम्म्यावर नेला. कंपनीला हाकललं नाही, खाण ताब्यात घेतल्याच्या घोषणा केल्या नाहीत. कर आणि स्वामित्वधन धरलं तर नफ्याचा मोठा भाग सरकारी तिजोरीत येऊ लागला.

तिजोरीत आलेला पैसा खर्च कसा करायचा, त्याचीही शिस्त होती. विकासाची योजना संसदेपुढे मंजूर व्हायची, आणि योजनेत नाही त्या कामावर मंत्र्याला खर्च करता येत नसे, पुन्हा संसदेकडे जावं लागे. आम्ही एकदा पंधरा किलोमीटरचा फाटा मुख्य रस्त्याला जोडायचा प्रस्ताव केला. काम चांगलं होतं, पैसेही होते. उत्तर आलं: योजनेत नाही, पुढच्या योजनेत मांडा. तेव्हा मी वैतागलो होतो. भारतात असतं तर एखाद्या आमदाराने चुटकीसरशी करून आणलं असतं! उरलेला पैसा परदेशी चलनात साठवायचा, हेही धोरण होतंच. १९९० च्या दशकात त्यासाठी 'पुला फंड' नावाचा वेगळा निधी काढला.

आणखी एक धोरण, ज्याचा फायदा मलाच झाला, म्हणून जरा जपून सांगतो. बऱ्याच नव्या देशांनी स्वातंत्र्य मिळताच परदेशी अधिकाऱ्यांना घरी पाठवून आपली माणसं खुर्च्यांवर बसवली. बोट्स्वानाने घाई केली नाही. माणूस तयार होईपर्यंत बाहेरचा ठेवायचा. आमच्यासारखे भारतीय, श्रीलंकेचे, घानाचे इंजिनियर, शिक्षक, हिशेबनीस कंत्राटावर घ्यायचे आणि प्रत्येकाच्या हाताखाली एक तिथला तरुण द्यायचा. माझ्या हाताखाली जो होता तो मी निघालो तेव्हा माझ्या खुर्चीवर बसला. त्यावर पुढे येणार आहे.

हे सगळं ऐकून कुणी म्हणेल, एवढासा देश, तेव्हा दहा-अकरा लाख वस्ती, त्यात हिऱ्यांचं घबाड. यात कसलं कौतुक? मग सिएरा लिओनकडे बघा. तोही ब्रिटिशांचाच, तोही लहान, तिथेही हिरे, आणि तेही १९३० पासून सापडलेले. सियाका स्टीव्हन्स यांच्या कारकिर्दीत, १९६८ ते १९८५, हिऱ्यांचा धंदा सरकारी तिजोरीतून निघून सत्तेच्या गोतावळ्याच्या खिशात गेला. १९७० साली देशातून अधिकृतपणे २० लाख कॅरटहून अधिक हिरे निर्यात होत. १९८८ साली हा आकडा ५० हजारांच्याही खाली आला. हिरे संपले नव्हते, चोरवाटेने जात होते. १९९१ साली तिथे यादवी सुरू झाली ती २००२ पर्यंत चालली. बंडखोरांनी हिऱ्यांवर बंदुका घेतल्या आणि सामान्य माणसांचे हात तोडले.

दोन्हींतला फरक फक्त माणसांच्या चांगुलपणाचा होता असं मी म्हणणार नाही. इंजिनियर आहे, म्हणून जमिनीकडेही बघतो. सिएरा लिओनचे हिरे नदीच्या गाळात, मैलोनमैल पसरलेले. फावडं आणि चाळण असली की कुणीही काढू शकतो, म्हणून कुणीही लुटू शकतो. बोट्स्वानाचे हिरे खोल खडकात, एकाच जागी. काढायला अवजड यंत्रं लागतात आणि खाणीभोवती कुंपण घालता येतं. निसर्गाने बोट्स्वानाला तिजोरीसकट दागिने दिले. मात्र तिजोरीची किल्ली कुणाकडे ठेवायची ते त्यांनी स्वतः ठरवलं.

तरीही मला हिऱ्यांपेक्षा जास्त आठवतो तो दुष्काळ. मी पोचलो तेव्हा तो सुरू होऊन दोन वर्षं झाली होती. १९८२ पासून १९८७ पर्यंत, ओळीने सहा वर्षं. पिकं गेली, तळी आटली, रस्त्याच्या कडेला गुरांचे सांगाडे. गाडीतून पहिल्यांदा ते बघितलं आणि थेट १९७२-७३ च्या बीडमध्ये जाऊन पडलो. आमच्या पिढीला सांगायला नको: मिलो ज्वारीच्या लाल भाकरी, सुकडी, पाझर तलावाची कामं, खडी फोडणाऱ्या बायकांच्या रांगा, मस्टरवर अंगठा, मुकादमाची शिवी. मी अठरा वर्षांचा होतो आणि सुट्टीत मस्टर लिहायचं काम करत होतो. १९७३ च्या मे महिन्यात महाराष्ट्रात जवळजवळ ५० लाख माणसं दुष्काळी कामांवर होती. हाल झाले, पण बिहार किंवा बंगालच्या जुन्या दुष्काळांसारखी माणसं पटापट मेली नाहीत, कारण हाताला काम आणि कामाला रोख पैसे होते. त्यातूनच पुढे रोजगार हमीचा कायदा झाला.

बोट्स्वानात मी तेच पाहिलं. गावोगाव कामं निघाली: बंधारे, रस्ते, शाळेच्या खोल्या, आणि मजुरी रोख. दवाखान्यात दर महिन्याला लहान मुलांची वजनं करायची, घटलेली दिसली की घरी शिधा द्यायचा. वजनांचे आकडे गाबोरोनीपर्यंत जायचे आणि कुठल्या तालुक्याला ट्रक पाठवायचा ते त्यावरून ठरायचं. सहा वर्षांच्या त्या दुष्काळात भूकबळींची लाट आली नाही. त्याच सुमारास इथिओपियात लाखो माणसं मेली, ती चित्रं आपण सगळ्यांनी टी.व्ही.वर पाहिली. बोट्स्वानाचं चित्र कुणी दाखवलं नाही, कारण दाखवण्यासारखं काही घडलं नाही! ज्याँ द्रेज आणि अमर्त्य सेन यांच्या १९८९ सालच्या भूक आणि सार्वजनिक कृती या विषयावरच्या पुस्तकात मात्र महाराष्ट्र आणि बोट्स्वाना दोघांचीही उदाहरणं आहेत. ते वाचताना मला गंमत वाटली. ही दोन्ही मस्टरं मी जवळून पाहिलेली.

एक प्रसंग सांगतो. १९८५ साली एका खोत्लात मी रस्त्याच्या कामाबद्दल सांगायला गेलो होतो, बरोबर जिल्ह्याचे अधिकारी. एक म्हातारी उभी राहिली. तिने अधिकाऱ्यांना 'रा' म्हणून हाक मारली (तिथे पुरुषाला रा आणि बाईला मा, आपल्या राव आणि बाईंसारखं) आणि विचारलं, मजुरी तीन आठवडे उशिरा का? अधिकारी जागचे उठले, टोपी काढली आणि कारण सांगितलं. कारण फारसं चांगलं नव्हतं, पण त्यांना ते उभं राहून, सगळ्यांसमोर द्यावं लागलं. माझ्या मस्टरच्या दिवसांत हाच प्रश्न विचारलेल्या बाईचं नाव दुसऱ्या दिवशी यादीत नव्हतं.

आता एवढं वाचून तो देश म्हणजे रामराज्य, असा कुणाचा समज व्हायला नको. गुरांचे मोठे कळप ज्यांचे, तेच पुष्कळदा मंत्री आणि वरचे अधिकारी, त्यामुळे गुरांवाल्यांच्या सोयी आधी झाल्या. श्रीमंत-गरिबातली दरी जगातल्या मोठ्या दऱ्यांपैकी एक. कालाहारीचे मूळ रहिवासी बासार्वा, ज्यांना आपण बुशमेन म्हणून ओळखतो, त्यांना १९९७ आणि २००२ मध्ये त्यांच्या मुलखातून उठवलं. २००६ साली तिथल्याच उच्च न्यायालयाने ते बेकायदा ठरवलं. १९९२ मध्ये जमीनवाटपाच्या चौकशीनंतर उपाध्यक्षांना राजीनामा द्यावा लागला आणि १९९४ साली भ्रष्टाचार तपासायला वेगळं खातं काढावं लागलं. एड्सने तर देशाचा कणा मोडायची वेळ आणली होती. २००० च्या आसपास तिथल्या तीन प्रौढांमागे एकाहून अधिक जणांना लागण होती. तेव्हाचे अध्यक्ष फेस्टस मोगाए यांनी संयुक्त राष्ट्रांत उघडपणे सांगितलं की आमच्यापुढे नामशेष होण्याचा धोका आहे. इतर काही नेते आजार नाकारण्यात मग्न होते तेव्हा २००२ साली यांनी सरकारी दवाखान्यांतून मोफत औषधं सुरू केली. मोगाए २००८ मध्ये मुदत संपताच पायउतार झाले आणि त्याच वर्षी त्यांना मो इब्राहिम पुरस्कार मिळाला. नीट कारभार करून वेळेवर खुर्ची सोडणाऱ्या आफ्रिकी नेत्याला हा पुरस्कार देतात, ५० लाख डॉलरचा. बऱ्याच वर्षी तो कुणालाच दिला गेला नाही, पात्र माणूस नाही म्हणून. पुरस्काराची कल्पना मला जरा हास्यास्पदच वाटते. खुर्ची सोडल्याबद्दल बक्षीस! पण कुणाला द्यावा हा प्रश्न पडतो, यावरून दुखणं कळतं.

सगळ्यात मोठी चूक मात्र हिऱ्यांचीच. पन्नास वर्षांत दुसरा धंदा उभा राहिला नाही. शाळा झाल्या, रस्ते झाले, विद्यापीठ झालं, आणि निर्यातीतले सुमारे ८० टक्के तरीही हिरेच. शिकलेल्या पोरांना नोकऱ्या नाहीत. आणि २०२३ पासून हिऱ्यांचा बाजार बसला. एक कारण आपल्या घरातच आहे. प्रयोगशाळेत बनवलेले हिरे आता निम्म्याहून कमी किमतीत मिळतात, आणि ते चीनबरोबरच आपल्या सुरतेतही बनतात. २०२३ साली मोदींनी बायडनबाईंना दिलेला साडेसात कॅरटचा हिरा तसलाच. गंमत अशी की खाणीतल्या हिऱ्यांना पैलूही सुरतेतच पडतात. आमच्या नातसुनेने लग्नाची अंगठी प्रयोगशाळेतल्या हिऱ्याची घेतली. म्हणाली, आजोबा, दिसायला तर तोच. खरंय, डोळ्याला फरक कळत नाही. ओरापाला कळतो. २०२४ साली बोट्स्वानाची अर्थव्यवस्था वाढायच्या ऐवजी ३ टक्के आकसली, वर्षानुवर्षं साठवलेली शिल्लक भराभर उतरली.

त्याच वर्षी ३० ऑक्टोबरला निवडणूक झाली. १९६६ पासून सलग ५८ वर्षं एकच पक्ष सत्तेवर होता, सेरेत्सेंचा. मागच्या निवडणुकीत त्याला ३८ जागा होत्या, या वेळी मिळाल्या ४. अध्यक्ष मासिसी यांनी पूर्ण निकालाची वाट न बघता पराभव मान्य केला आणि १ नोव्हेंबरला डुमा बोको यांचा शपथविधी झाला. एक काच फुटली नाही. नव्या सरकारने फेब्रुवारी २०२५ मध्ये डी बिअर्सशी नवा करार केला. देशाच्या स्वतःच्या कंपनीला विकायला मिळणारा मालाचा वाटा ३० टक्क्यांपासून सुरू होऊन हळूहळू ५० पर्यंत जाणार, खाणींचे परवाने २०५४ पर्यंत. पण विकायचं कुणाला? ऑगस्ट २०२५ मध्ये सरकारी दवाखान्यांतली औषधं संपत आली आणि बोकोंना आरोग्याची आणीबाणी जाहीर करावी लागली. औषधं पोचवायचं काम लष्कराच्या देखरेखीखाली दिलं. जिथे वजन घटलेल्या मुलाच्या घरी शिधा पोचायचा, तिथे हे!

माझ्या खुर्चीवर बसलेला तो सहकारी आता निवृत्त होऊन गावी राहतो. २०२५ च्या दिवाळीत मी फोन केला. ब्लडप्रेशरच्या गोळ्या दोन महिने मिळाल्या नव्हत्या, शहरातल्या दुकानातून विकत आणतो म्हणाला. नवे खासदार गावात येऊन गेले होते. खोत्ला चार तास चालला, खुर्च्या कमी पडल्या, हा आपली घरची खुर्ची डोक्यावर घेऊन गेला होता. पहिला प्रश्न गोळ्यांचा, दुसरा बोअरच्या पंपाचा. मी विचारलं, काय उत्तर दिलं? "सगळं वहीत लिहून घेतलंय, रा," तो म्हणाला. "जानेवारीत परत येऊन सांगणार आहेत. तारीख आम्ही तिथेच ठरवून घेतली."